व्याह्यांसोबत बघायला कुठला: ‘टू स्टेट्स’ की ‘चेन्नई एक्स्प्रेस’?

मुलगा मराठी, मुलगी कन्नड, लग्न ठरलंय आणि आता दोन्ही घरची माणसं एका हॉलमध्ये बसवून काहीतरी हलकंफुलकं लावायचंय. बेळगावात ही वेळ पुष्कळांवर येते. माझ्यावर आली तेव्हा यादी फिरून फिरून या दोनच सिनेमांवर थांबली. एक २०१३ चा, दुसरा २०१४ चा. गोष्टी तुम्हाला ठाऊक असतीलच, त्या परत सांगत नाही.

आम्ही आधी ‘टू स्टेट्स’ लावला. कागदावर तोच शहाणपणाचा वाटत होता. दिल्लीचा पंजाबी मुलगा, चेन्नईची तमीळ मुलगी, दोघं आयआयएममध्ये शिकलेली, पळून जायचं नाही, आईबापांच्या होकारानंच लग्न करायचं. आमचंही तेच होतं. आलिया भट गोड दिसते, शंकर-एहसान-लॉयची गाणी कानाला बरी लागतात. मुलगा तिच्या वडिलांना कामाचं प्रेझेंटेशन करून देतो, भावाची शिकवणी घेतो, आईला स्टेजवर गायला लावतो, तो भाग तर मी शिकवणीसारखाच पाहिला. (पुढं सासऱ्यांचं पेन्शनचं ऑनलाइन काम मी करून दिलं, त्याचं मूळ तिथंच असावं.)

मध्यंतराच्या सुमारास आईनं विचारलं, “ह्येंचं सगळ्यांचं एकमेकाला कळतंय की. मग भांडण कशावरनं?”

मला पुढचा सिनेमा नीट बघताच आला नाही. तमीळ आईबाप बहुतेक वेळ हिंदीतच बोलतात. पंजाबी आईही हिंदीत. एकानं टोमणा मारायचा, दुसऱ्यानं तो अचूक झेलायचा. आमच्या घरी एवढी सोय असती तर काय पाहिजे होतं!

आई चंदगडकडची, तिला कन्नडचा गंध नाही. सासूबाई बैलहोंगलजवळच्या, त्यांचं मराठी ‘बसा’ आणि ‘बरं’च्या पुढं जात नाही. पहिल्यांदा जेवायला आल्या तेव्हा ताट पुढं करून म्हणाल्या, “स्वल्प सारु हाक्री.” म्हणजे थोडं सार वाढा. आईला त्यातलं ‘हाक’ तेवढं कळलं. ती पळी तशीच ठेवून दारात गेली आणि तिनं बाबांना हाक मारली. बाबा धावत आले. सासूबाई ताट धरून तशाच. कुणाचं काय चुकलं ते कुणालाच कळेना आणि मी मधे उभा राहून हसू की सांगू या पेचात. पहिले सहा महिने हे असंच चाललं. भाषेची ही ठेच ज्या सिनेमात नाही, त्याला दोन संस्कृतींचा सिनेमा म्हणायला माझं मन घेत नाही. शहरात शिकलेल्या, इंग्रजीवर भागवणाऱ्या घरांना तो पटेलही, मी नाही म्हणत नाही.

आणखी एक अडचण. त्यातल्या मुलाच्या आईचे मद्रासी लोकांवरचे टोमणे सगळ्यांना स्वच्छ समजतात. सासरेबुवा टीव्हीकडं बघत होते, बाबा पंख्याकडं. सीमावादामुळं आमच्या गल्लीत १ नोव्हेंबर काळा दिवस असतो आणि सासरी राज्योत्सव, म्हणजे कर्नाटकाचा स्थापना दिवस, तेव्हा अशा शांततेची आम्हाला सवय आहे. पण सुट्टीच्या संध्याकाळी ती मुद्दाम कशाला विकत घ्या? उत्तरार्धातलं बापलेकाचं प्रकरणही जड आहे.

‘चेन्नई एक्स्प्रेस’ मी कमीपणा पत्करूनच लावला. लेखणी हातात घेतली तर त्याच्यात दोष काढायला तासही पुरणार नाही. तमीळ माणूस म्हटला की धिप्पाड, मिशीवाला, हातात कोयता. दीपिकाची बोलण्याची ढब काही ठिकाणी चिडवल्यासारखी वाटते. सासरे एकदा म्हणालेच, “हे आम्हालाच म्हणतात काय?” मी पटकन चिवडा पुढं केला.

पण त्यात एक गोष्ट खरी आहे: नायकाला समोरच्याचं ओ का ठो कळत नाही. मुलगी आपल्या बापाला तमिळात भलतंच सांगते आणि हा बिचारा मान डोलावतो. गुंडांना कळू नये म्हणून दोघं हिंदी गाण्यांच्या चालीवर बोलतात. थिएटरात तमीळ वाक्यांखाली अर्थही येत नव्हता, नायकाइतकेच आपणही अडाणी. घरी लावताना सबटायटल बंदच ठेवा.

कारण आमच्याकडं मग भलतीच गंमत झाली. सासूबाईंना तमीळ येत नाही, पण ‘इल्लै’ म्हणजे आपलं ‘इल्ला’, ‘वा’ म्हणजे ‘बा’, ‘एन्न’ म्हणजे ‘एनु’ हे त्यांना आपसूक लागत गेलं. आई विचारायची, “काय म्हणूलाय तो?” सासूबाई सांगायच्या, “इल्ला अंतान,” आणि हातानं ‘नाही’ करून दाखवायच्या. निम्मं अंदाजपंचे असेल. पण एरवी ज्या खोलीत मी दुभाषा, तिथं त्या दोघी अडीच तास माझ्याशिवाय बोलत होत्या. आई दुसऱ्या दिवशी भाजीवाल्याला “इल्ला” म्हणून आली.

दुसरा वाद बाबांनी काढला. सिनेमात गाडी मुंबईहून चेन्नईला निघते आणि मधेच दूधसागर दिसतो! खरी गाडी पुणे, सोलापूर, गुंतकल करत जाते. दूधसागर तर आपल्या लोंढ्यावरून गोव्याला जाताना, कॅसल रॉकच्या पुढं. “लोंढ्याला गाडी बदलली काय ह्यानं?” म्हणून बाबा पेटले, सासरेही पेटले, आणि त्या मुद्द्यावर मात्र दोघांचं पहिल्यांदाच पूर्ण एकमत झालं. त्यात ते तमीळ गाव वाईला उभारलं होतं असं मी सांगितलं, तर सासरे म्हणाले, “म्हणजे सगळं महाराष्ट्रातच केलं की!” बाबांनी तेवढ्यापुरती कॉलर ताठ केली.

शेवटची हाणामारी लांबते. ती लागली की चहा टाका, काही चुकत नाही. तुम्हा दोघांनाच बघायचं असेल तर ‘टू स्टेट्स’ घ्या, गाणी चांगली आहेत. हॉलमध्ये सगळी बसणार असतील तर मी काय लावीन ते कळलं असेलच. विहिणीशेजारची जागा आईसाठी धरून ठेवा. आणि रिमोट बाबांच्या हातात देऊ नका, दूधसागर आला की ते मागं नेऊन परत लावतात.