‘द टुनाइट शो’: मुलाखती राहू द्या, बँड ऐका

फेब्रुवारी २०१४पासून जिमी फॅलन ‘द टुनाइट शो’ हा अमेरिकी वाहिनी एनबीसीवरचा रात्रीचा गप्पांचा कार्यक्रम चालवतोय. १९७२मध्ये कॅलिफोर्नियाला गेलेला हा कार्यक्रम त्याच्याबरोबर न्यूयॉर्कला, रॉकफेलर सेंटरच्या स्टुडिओ ६-बीमध्ये परत आला. चित्रीकरण संध्याकाळीच उरकतं. एनबीसीवर लागतो रात्री ११:३५ला, म्हणजे आपल्याकडे सकाळी ९:०५ (तिकडच्या हिवाळ्यात १०:०५). २०२४च्या हंगामापासून नवे भाग सोमवार ते गुरुवारच असतात.

मुलाखती हीच याची लंगडी बाजू. जाहिराती वगळून हाती उरतात चाळीसेक मिनिटं. निळ्या पडद्यापुढचे विनोद आणि टेबलावरचा एखादा खेळ झाला की पाहुण्याच्या वाट्याला मोजकी मिनिटं येतात, त्यातच नव्या सिनेमाची झलक. किस्से आधीच ठरलेले असतात. त्यात फॅलन किस्सा संपायच्या आतच हसत सुटतो, टेबल बडवतो. पंच येईपर्यंत त्यातली हवा गेलेली असते. बीबीसीवर ग्रॅहम नॉर्टन सगळ्या पाहुण्यांना एकाच सोफ्यावर बसवतो, तिथे एकाच्या बोलण्यातून दुसऱ्याचं निघतं. तशी सोय इथे नाही.

पण द रूट्स! फिलाडेल्फियाचा हा हिप-हॉप बँड म्हणजे कार्यक्रमाचा कणा. पाहुणा पडद्यातून खुर्चीपर्यंत येतो तेवढ्या सेकंदांत वाजणारी धूनही विचार करून निवडलेली असते. ‘फ्रीस्टाइलिंग’मध्ये फॅलन एखाद्या प्रेक्षकाला नाव, गाव, कामधंदा विचारतो, संगीताचा प्रकार सांगतो आणि बँडचा रॅपर ब्लॅक थॉट (म्हणजेच तारिक) आणि मंडळी तिथल्या तिथे गाणं रचतात. फसलं तर तेही तसंच दिसतं, म्हणून ते जिवंत वाटतं. फॅलन आभाराच्या गमतीदार चिठ्ठ्या लिहितो त्या ‘थँक यू नोट्स’मध्ये पियानोवरच्या जेम्स पॉयझरच्या चेहऱ्याकडे लक्ष ठेवा. फॅलन त्याला हसवायला धडपडतो आणि तो ढिम्म.

सगळ्यात सरस भाग म्हणजे शाळकरी वाद्यांचा. २०१५मध्ये गायिका अॅडेल आली तेव्हा अख्खी मंडळी एका छोट्या खोलीत दाटीवाटीने उभी होती, हातांत खेळण्यातली वाद्यं. अशा वाद्यांचा आवाज टिकत नाही, त्यामुळे ताल किंचित जरी सरकला तरी लगेच कळतो. बँडमध्ये क्वेस्टलव्हसारखा ड्रमर असल्यामुळेच ते निभावतं.

यूट्यूबवर मुलाखतींच्या तुकड्यांत पाहुण्याचा प्रवेश बहुधा कापलेला असतो, त्यामुळे धून हुकते. जमलं तर पूर्ण भाग पाहा. नाहीतर जून २०२४चं दिलजित दोसांझचं पंजाबी गाणं आधी लावा.