एरिया झिरो: अख्ख्या पोकेमॉन स्कार्लेटपेक्षा हा एक खड्डा भारी

पोकेमॉन स्कार्लेट आणि व्हायोलेट हे निन्टेन्डो स्विचचे जोडगेम नोव्हेंबर २०२२ मध्ये आले आणि तेव्हापासून त्यांच्यावर सगळ्यांचं सगळं बोलून झालंय, त्यामुळे पूर्ण गेमचा रिव्ह्यू मी लिहीत बसत नाही. मला बोलायचंय ते फक्त शेवटच्या भागाबद्दल, एरिया झिरोबद्दल, कारण हे गेम बनवणाऱ्या गेम फ्रीक कंपनीने स्विचवर जे काही केलंय त्यातलं सगळ्यात जमून आलेलं काम माझ्या मते हे आहे, आणि गंमत अशी की बाकीच्या गेममध्ये जे जे मिरवलंय ते ते इथे काढून घेतलंय म्हणूनच ते जमलंय.

ज्यांनी खेळला नाही त्यांच्यासाठी सांगतो. गेम जिथे घडतो त्या पाल्डिया प्रदेशाच्या मॅपच्या बरोबर मधोमध एक अवाढव्य विवर आहे, तेच एरिया झिरो. ते सुरुवातीपासून दिसतं, शाळेत बजावून सांगतात की तिकडे फिरकायचं नाही, आणि एकदा का कोराइडनवर (स्कार्लेटमध्ये ज्याच्यावर बसून फिरतो तो पोकेमॉन) बसून कडे चढता यायला लागले की कुणालाही आधी तिकडेच जावंसं वाटणार, पण गेम काही आत सोडत नाही. आठ जिम (लढायांची ठाणी), पाच टायटन (अवाढव्य पोकेमॉन), टीम स्टार या बंडखोर विद्यार्थ्यांच्या टोळीचे पाच अड्डे, हे सगळं हव्या त्या क्रमाने करा, तिन्ही गोष्टी संपवा, मगच झिरो गेट उघडणार. इतके तास एखादी जागा नाकासमोर ठेवायची आणि हात लावू द्यायचा नाही, ही युक्ती जुनीच आहे पण माझ्यावर तरी शंभर टक्के चालली.

आणि मग आत गेल्यावर पहिला झटका बसतो तो शांततेचा. बाहेर वाळवंट असो की बर्फ, सगळीकडे ट्रेनर उभे, आयटम चमकतायत, मॅपवर आयकॉनची गर्दी. इथे ढगांखाली उतरलं की हिरवंगार गवत, कड्यांवरून पडणारं पाणी, आणि माणूस म्हणून कुणी नाही. संगीत पण वेगळंच, इलेक्ट्रॉनिक आवाज आणि कोरस एकमेकात मिसळलेले, ऐकायला सुंदर पण कुठेतरी अस्वस्थ करणारं. हेडफोन लावूनच खेळा, टीव्हीच्या स्पीकरवर त्यातलं अर्धं वाया जातं.

दुसरा झटका म्हणजे कोराइडन इथे पाठीवर घ्यायलाच तयार नाही. घाबरलंय ते, का ते नंतर कळतं. अख्खा गेम ज्याच्यावर बसून पळालो, पोहलो, उडालो, ते बॉलमध्ये गप्प बसणार आणि आपण पायी चालायचं. मॅप पण नाही. रस्ता तसा एकच, गोल गोल खाली जाणारा, म्हणून हरवायला होत नाही, पण आपण किती खोल आलोय याचा अंदाज येत नाही आणि तेच त्यांना हवं होतं असं मला वाटतं. वर बघितलं की ज्या कड्यावरून आलो तो आता लांब दिसतो, एवढाच काय तो हिशोब.

सोबत असतात शाळेतले सोबती नेमोना, आर्वेन आणि पेनी, आणि या भागाचा खरा जीव त्यांच्यात आहे. तिघांच्या तीन वेगळ्या गोष्टी आपण बाहेर संपवलेल्या असतात पण त्यांची आपापसात धड ओळखही नसते. चालता चालता स्क्रीनवर त्यांच्या गप्पा आपोआप येत राहतात, बटण दाबायची गरज नाही. नेमोनाला काहीही दिसलं तरी लढायचंच असतं, पेनी तिरकस बोलते, आर्वेन आईचा विषय निघाला की चिडतो (जिच्या बोलावण्यावरून आपण इथे आलोय ती प्रोफेसर सादा त्याची आई, व्हायोलेटमध्ये प्रोफेसर टुरो हे बाबा). आधी एकमेकांना टोमणे, मग हळूहळू चिडवाचिडवी, आणि तळाशी पोचेपर्यंत ते खरंच मित्र झालेले असतात. गेममध्ये कुणालाही आवाज दिलेला नाही याचा बाहेर मला कायम राग यायचा, इथे नुसत्या अक्षरांवर त्यांनी निभावून नेलंय. फक्त पळत सुटू नका आणि प्रत्येक पोकेमॉनशी भिडत बसू नका, नाहीतर गप्पा मध्येच तुटतात.

वाटेत चार रिसर्च स्टेशन लागतात, प्रत्येकात जाऊन एकेक लॉक उघडायचं, चारही उघडले की तळाच्या झिरो लॅबचं दार उघडतं. गेमप्ले म्हणून यात काही दम नाही, खरं सांगायचं तर चार वेळा तेच काम. पण आत ठेवलेल्या नोंदी वाचा. घाईत पुढे गेलात तर शेवट अर्धाच कळेल.

आणि पॅरॅडॉक्स पोकेमॉन! स्कार्लेटमध्ये हे प्राचीन काळातले, व्हायोलेटमध्ये भविष्यातले, लोखंडी. मला सगळ्यात आवडलं ते स्क्रीम टेल. लांबून बघितलं तर सरळ जिगलीपफ, तीच गुलाबी गोलमटोल, आणि जवळ गेलं की डोक्यावरचा तो झुपका पार मागेपर्यंत वाढलेला, तोंडातून सुळे बाहेर आलेले. ज्या पोकेमॉनला लहानपणापासून गोड म्हणत आलो त्याच्यापासून दोन पावलं मागे सरकायला लावणं, हे डिझाइन म्हणून किती हुशार आहे. फ्लटर मेन दिसायला नाजूक भूत, पण स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि स्पीड तिन्हीचे मूळ आकडे (बेस) १३५, मग स्पर्धांमध्ये जो तो तेच घेऊन उतरला यात नवल नाही. रोअरिंग मून हवं असेल तर बाजूच्या गुहांमध्ये पण डोकावा. खाली खाली जाल तसं गवत संपतं, सगळीकडे टेरा क्रिस्टल (चमकणारे स्फटिक), ग्लिमोरा नावाचे पोकेमॉन तरंगतायत, रंग पूर्ण बदललेले.

पुढच्या पॅरात स्पॉयलर आहे, खेळायचा असेल तर सोडून द्या.

लॅबमधली सादा ही सादा नसतेच, तिने बनवलेला एआय असतो, खरी सादा कधीच गेलेली. बाहेर फोनवर ती जी जरा जास्तच सपाट बोलायची त्याचा उलगडा इथे होतो, आणि आर्वेनचा चेहरा बघवत नाही. हे दुसऱ्या काळातले पोकेमॉन इथे आणणारं टाइम मशीन बंद करायला आपल्याला तिनेच बोलावलेलं आणि ते बंद होऊ नये म्हणून लढायलाही तीच उभी, प्रोग्रॅमच तसा, स्वतःला थांबवता येत नाही. ती लढाई झाली की सगळे पोकेबॉल लॉक होतात, म्हणजे इतक्या मेहनतीने वाढवलेली टीम शून्य. एकच बॉल चालतो, कोराइडनचा, कारण तो प्रोफेसरच्या नावावर आहे. ज्याने आत पाऊल टाकल्यापासून घाबरून अंग चोरलं तेच आता स्वतःच्याच जातीच्या दुसऱ्या कोराइडनसमोर उभं राहतं. हरायची भीती फारशी नाहीये, गेम तुम्हाला जिंकवणारच आहे, तरी हाताला घाम येतो.

आता तक्रारी. एक तर हे सगळं फार लवकर आटपतं, एका बैठकीत होऊन जातं. एआयची टीम लेव्हल ६६-६७ ची आहे, म्हणजे बाहेर सगळं साफ करून आलात तर अगदीच सोपी पडते. गोष्ट संपल्यावर परत गेलं तर नुसते पोकेमॉन पकडायला फिरायचं, बाकी काही घडत नाही, आणि त्या सोबत्यांशिवाय ती जागा मला तरी ओकीओकी वाटली. फ्रेम ड्रॉपचं (चित्र अडखळण्याचं) काय बोलायचं, या गेमच्या परफॉर्मन्सवर इतकी बोंब झाली की डिसेंबर २०२२ च्या अपडेटसोबत निन्टेन्डोला माफी मागावी लागली. स्विच २ वर मात्र फुकट अपडेट आहे आणि तिथे गेम बराच सुरळीत चालतो, पर्याय असेल तर तिथेच खेळा.

डीएलसीचं (नंतर विकत घ्यायच्या जादा भागाचं) नाव 'द हिडन ट्रेझर ऑफ एरिया झिरो' म्हणून मी भरपूर आशा लावली होती. दुसऱ्या भागात, म्हणजे डिसेंबर २०२३ च्या 'द इंडिगो डिस्क'मध्ये, शेवटी पुन्हा इथेच खाली नेतात, आणखी खोल, टेरापेगॉस या दुर्मिळ पोकेमॉनपर्यंत. क्रिस्टल दिसायला झकास, पण भटकायला जागा कमी, आणि सोबत डीएलसीतली भावंडं किएरन, कार्माइन असले तरी त्यांच्यात ती नेमोना-पेनीवाली मजा नाही. इंडिगो डिस्क घ्यायची तर ब्लूबेरी अकॅडमी या नव्या शाळेतल्या दुहेरी लढायांसाठी घ्या, त्या खरंच घाम काढतात.

एरिया झिरोला माझ्याकडून ५ पैकी साडेचार, पूर्ण गेमला ३. अजून घेतला नसेल आणि दोन्हीतला कुठला घेऊ असं विचारत असाल तर लोखंडी, रोबोटसारखं आवडत असेल तर व्हायोलेट, नाहीतर सरळ स्कार्लेट. आणि आत जाण्याआधी टीमचे लेव्हल ६० च्या आसपासच ठेवा, त्याच्या वर नेऊ नका, लढायांमध्ये थोडी तरी चुरस राहील.