ख्वाबनामा, आठ महिन्यांनंतर: पान ९७ ते ११२ कुठे आहेत?

गेल्या आठवड्यात या ख्वाबनाम्याचा, म्हणजे स्वप्नांचे अर्थ सांगणाऱ्या पुस्तकाचा, कणा शेवटचा उकलला आणि पानं हातात आली. म्हणून आता लिहायला बसले. खरं तर पहिल्या आठवड्यातच लिहिणार होते आणि तेव्हा लिहिलं असतं तर एकच स्टार दिला असता. आता मत थोडं बदललंय, पण राग तसाच आहे.

मी घेतलेला ख्वाबनामा देवनागरी लिपीत आहे, भाषा उर्दू. ३२० पानं, १८० रुपये. अम्मीचे डोळे दाखवायला चिपळूणहून मुंबईला गेलो होतो, तेव्हा येताना घेतला. माझी शाळा मराठी, उर्दू समजते पण लिपी भरभर वाचता येत नाही. त्यामुळे देवनागरीतला मिळाला याचा आनंदच झाला होता. फुफीकडे, म्हणजे आत्याकडे, उर्दू लिपीतला जुना आहे. लहानपणी सकाळी कुणाला काय दिसलं ते ती त्यात बघून सांगायची. तो माझ्या मनात होता.

घरी येऊन पहिल्या रात्रीच चाळायला घेतला. ९६ नंतर पुन्हा ८१. म्हणजे ८१ ते ९६ दोनदा, आणि ९७ ते ११२ पुस्तकात नाहीतच. सोळा पानांचा अख्खा फर्मा चुकीचा बांधलाय. आणि नेमकी ती पानं ‘च’ची. चाकू, चादर, चाबी, चिराग, चूल्हा, चक्की, सगळं त्यातच. स्वप्नात हत्ती आणि बादशाह कितीदा येतात? येतात त्या घरातल्याच वस्तू, आणि त्यांतल्या निम्म्या गायब.

दुकानदाराला फोन केला. म्हणाले, “दीन की किताब है बहन, वापस नहीं होती.” परत करायचीच नव्हती, बदलून हवी होती. व्हॉट्सॲपवर दोन्ही पानांचे फोटो पाठवले. बघितल्याची निळी खूण आली, उत्तर आलं नाही. नंतर एक मुलगा म्हणाला, दुकानात आणून द्या. चिपळूणहून मुंबईला जायचं-यायचं भाडं आणि माझी बुडालेली एक दिवसाची शिकवणी, १८० रुपयांच्या पुस्तकासाठी? चार वेळा फोन केला, मग सोडून दिलं. पैशांपेक्षा मला त्या “दीन की किताब” शब्दांचा राग आला. दीनचं, म्हणजे धर्माचं, पुस्तक आहे म्हणूनच तर पानं मोजून बांधायला हवीत.

हे झालं बांधणीचं. खरी तक्रार वेगळी आहे आणि ती कळायला मला तीन महिने लागले.

पावसाळ्यात अम्मीला स्वप्न पडलं. आमच्या जुन्या घराच्या ओट्यापाशी तिने चपला काढल्या आणि अनवाणी आत गेली. आत जमीन नुकती सारवलेली होती, पायाला गार लागत होती. तिला छान वाटलं होतं, सांगतानाही हसत होती. मी पुस्तक उघडलं. ‘जूती उतारना: जोडीदारापासून जुदाई.’ बस्स, एक ओळ. आणि मी ती मोठ्याने वाचली.

अब्बा कुवेतला असतात. त्या दिवसापासून अम्मी त्यांना दिवसातून तीन-तीनदा फोन करायला लागली. जेवण कमी झालं. शेजारी दोघींना सांगून आली, त्यांनी आणखी दोन गोष्टी जोडल्या. आठवडाभर घरात हेच.

शेवटी मी मशिदीच्या मौलानांना विचारलं. त्यांच्या कपाटात दमास्कसच्या अब्दुल गनी नाबुलुसींचा (१६४१ ते १७३१) स्वप्नांच्या अर्थांचा मोठा अरबी ग्रंथ आहे, अक्षरांच्या क्रमाने लावलेला. मौलानांनी आधी मलाच विचारलं, “बेटी, वाईट वाटलं होतं का त्यांना स्वप्नात?” मी म्हटलं, नाही, उलट छान वाटलं होतं. मग त्यांनी चपलेबद्दल सांगितलं. चपलेचा अर्थ जोडीदार होतो, प्रवासही होतो. पण जुन्या ताबीरकारांनी, म्हणजे स्वप्नांचा अर्थ लावणाऱ्यांनी, चपला काढण्याचा अर्थ अमन, म्हणजे सुरक्षितता, असाही लावलाय. कारण कुराणातल्या सूरह ता-हामध्ये पैगंबर मूसा अलैहिस्सलाम आगीजवळ पोचतात तेव्हा त्यांना हुकूम होतो की चपला काढ, तू तुवाच्या पवित्र खोऱ्यात आहेस. घाबरलेला माणूस चपला काढतो आणि तिथून त्याचं काम सुरू होतं.

मी घरी येऊन अम्मीला हे सांगितलं. तिने ती आयत, म्हणजे कुराणातली ती ओळ, दोनदा म्हणायला लावली, आणि त्या रात्री नीट जेवली.

तेव्हा माझ्या लक्षात आलं की या पुस्तकातून ‘कारण’ काढून टाकलंय. जुन्या ताबीरमध्ये वस्तूचा अर्थ हवेतून येत नाही. प्रत्येक अर्थाला एक दोरा असतो. तो कुराणाला, हदीसला (पैगंबरांच्या वचनांना), एखाद्या म्हणीला, नाही तर नुसत्या शब्दाला बांधलेला असतो. कपडा म्हणजे नवरा किंवा बायको, कारण सूरह बकरामध्ये नवराबायकोला एकमेकांचा पोशाख म्हटलंय. काचेचं भांडं म्हणजे बाई, कारण बायका बसलेले उंट जोरात हाकणाऱ्या अंजशाला रसूलुल्लाह, म्हणजे पैगंबर मुहम्मद, म्हणाले होते, काचेची भांडी आहेत, जरा सांभाळून. दूध म्हणजे इल्म (ज्ञान), कारण खुद्द रसूलुल्लाहना स्वप्नात दूध मिळालं, उरलेलं त्यांनी हजरत उमरना दिलं आणि अर्थ विचारल्यावर सांगितलं, इल्म. टेकवून ठेवलेलं लाकूड म्हणजे मुनाफिक (ढोंगी), कारण कुराणात त्यांना तसंच म्हटलंय.

सरपणाचा अर्थ मला सगळ्यात आवडला. जळाऊ लाकूड डोक्यावर घेतलेलं दिसलं तर चुगली. माझ्या पुस्तकात नुसतं ‘लकड़ी ढोना: चुग़ली’ एवढंच आहे, वाचून काही बोध होत नाही. दोरा आहे पैगंबरांचा विरोधक अबू लहब याच्या बायकोचा, तिला कुराणात ‘लाकडं वाहणारी’ म्हटलंय आणि अनेक मुफस्सिरांनी (कुराणाचा अर्थ सांगणाऱ्यांनी) त्याचा अर्थ चुगली करणारी असा घेतलाय. आपल्या मराठीत काय म्हणतात? काड्या घालणारी! हे मी अम्मीला सांगितलं तर ती म्हणाली, मग अरबस्तानातही आपल्यासारखंच.

पण सगळीकडे असं जुळत नाही, आणि इथेच भाषांतर फसतं. पुस्तकात ‘बिही’ (हे एक फळ) खाल्ली तर प्रवास, असं आहे. का? मौलाना म्हणाले, बिहीला अरबीत ‘सफरजल’ म्हणतात, त्यात ‘सफर’ आहे. झालं! सफर शब्द आपण मराठीतही रोज वापरतो, पण बिही म्हटल्यावर तो दोरा तुटला. कोकणातल्या बाईच्या स्वप्नात आधी बिही येणार कशाला आणि आली तरी ती अरबीत येणार का? असे शब्दावर उभे असलेले अर्थ वेगळे दाखवायला हवे होते. एक चांदणी छापली असती तरी पुरलं असतं.

मुखपृष्ठावर मोठ्या सोनेरी अक्षरांत ‘इमाम इब्न सीरीन’ छापलंय. हेही मला आता खटकतं. इब्न सीरीन बसऱ्याचे, कापडाचा धंदा करायचे, हिजरी ११० म्हणजे इसवी ७२९च्या सुमारास वारले. त्यांच्या नावावर खपणारी मोठी पुस्तकं त्यांच्यानंतर कित्येक शतकांनी जमवलेली आहेत. आणि त्यांची जी गोष्ट सगळीकडे सांगितली जाते, ती या पुस्तकाच्या अगदी उलट आहे. दोन माणसं आली, दोघांनी स्वप्नात अजान दिली होती. एकाला म्हणाले, तू हजला जाशील. दुसऱ्याला म्हणाले, तुझा हात चोरीसाठी कापला जाईल. स्वप्न एकच, पण पहिल्यात त्यांना नेकी दिसली म्हणून हजची हाक देण्याची आयत आठवली. दुसऱ्याचा चेहरा बघून सूरह यूसुफमधला, काफिल्याला ‘तुम्ही चोर आहात’ असं ओरडून सांगणारा पुकारा आठवला. म्हणजे आधी माणूस बघायचा, मग वस्तू. छापील यादी माणूस कशी बघणार?

आणखी एक गोष्ट, ती पहिल्या पानावर हवी होती. वाईट स्वप्न पडलं तर डावीकडे तीनदा हलकं थुंकावं, अल्लाहची पनाह मागावी, कूस बदलावी आणि कुणाला सांगू नये, अशी हदीस आहे. सगळी स्वप्नं अर्थाची नसतात, काही मनातलीच असतात, हेही हदीसमध्ये आहे. ३२० पानांत ही चार वाक्यं नाहीत. ती असती तर अम्मीच्या छान स्वप्नाचं वाईट स्वप्न मी केलं नसतं.

आता मत कुठे बदललं ते. रमजानमध्ये फुफीचा जुना ख्वाबनामा घेऊन बसले. ती उर्दू वाचायची आणि मी देवनागरीत लिहायचे, तरावीहला, म्हणजे रमजानच्या रात्रीच्या नमाजला, जायच्या आधी रोज अर्धा तास. गायब सोळा पानांतल्या वस्तू तशा लिहून काढल्या. आणि मौलानांना विचारून प्रत्येकीपुढे कंसात कारण लिहिलं. जिथे कारण सापडलं नाही, तिथे जागा रिकामी ठेवली. ‘चाबी’पुढे लिहिलंय: रसूलुल्लाहना झोपेत जमिनीच्या खजिन्यांच्या चाव्या आणून हातात ठेवल्या गेल्या, बुखारीच्या संग्रहातली हदीस. फुफी ते वाचून म्हणाली, आमच्या पुस्तकात नुसतं ‘कामयाबी’ लिहिलंय, हे आम्हाला कुणी सांगितलंच नाही.

ही वही मी त्या उकललेल्या कण्यात ९६ नंतर खळीने चिकटवली आहे. घरात आता लोक तेवढीच पानं उघडतात.

म्हणून दोन स्टार. एक देवनागरी लिपीसाठी, ती खरंच मोठी सोय आहे आणि छपाई ठळक आहे, अम्मीला चष्म्याशिवायही वाचता येते. दुसरा यासाठी की हे पुस्तक नसतं तर मी मौलानांकडे गेले नसते. घेणार असाल तर पैसे देण्याआधी दुकानातच ९६वं पान उघडा आणि पुढे ९७ आहे का ते बघा. आणि आतल्या कोऱ्या पानावर कूस बदलायची ती हदीस स्वतःच्या हाताने लिहून मगच घरच्यांच्या हातात द्या.