राहुल देशपांडे: रंगमंचावरची ‘कट्यार’, पडद्यावरची ‘कट्यार’ की ‘मी वसंतराव’?

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्याला संगीत नाटक परकं नाही. मराठी संगीत नाटकाचा पाया घालणारे अण्णासाहेब किर्लोस्कर याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. तरी आता घरातल्या मुलांना नाट्यसंगीताची गोडी लावायची, तर सुरुवात कशाने करायची हा प्रश्न पडतोच. त्यासाठी गायक राहुल देशपांडे यांची तीन कामं शेजारीशेजारी ठेवून बघावीत.

‘कट्यार काळजात घुसली’ हे नाटक 1967 चं. लेखन पुरुषोत्तम दारव्हेकरांचं, संगीत जितेंद्र अभिषेकीबुवांचं आणि खाँसाहेब या गवयाच्या भूमिकेत राहुल यांचे आजोबा, गायक वसंतराव देशपांडे. राहुल यांनी 2010 मध्ये हीच भूमिका पुन्हा उभी केली. इथे बोलणारा आणि गाणारा गळा एकच असतो, आणि माझ्या मते सगळी जादू तिथेच आहे. डिवचलेले खाँसाहेब बोलताबोलता पद धरतात तेव्हा त्यांचा संताप तानेत उतरलेला ऐकू येतो. ‘घेई छंद मकरंद’च्या दोन चाली घ्या: खाँसाहेबांचे प्रतिस्पर्धी गायक पंडितजी यांची संथ, खाँसाहेबांची जलद. दोन्ही एकाच रात्री समोर बसून ऐकल्या की दोन गायकींतला झगडा मुलांना वेगळा समजावून सांगावा लागत नाही. वन्स मोअर मिळाला तर तेच पद पुन्हा, सुरांच्या नव्या जागा घेत.

2015 च्या चित्रपटात खाँसाहेबांचा चेहरा सचिन पिळगावकरांचा, गळा राहुल यांचा. सचिन यांची नजर जबरदस्त आहे. शिवाय ‘सूर निरागस हो’सारखी नवी गाणी कानाला चटकन लागतात. लहान मुलं, किंवा गाण्याशी फारसा संबंध नसलेली मंडळी बरोबर असतील तर हाच लावा. पण गाताना नटाच्या अंगात काय घडतं, ते इथे दिसणार नाही.

‘मी वसंतराव’मध्ये (2022) अभिनय आणि गाणं दोन्ही राहुल यांचंच. आजोबांची भूमिका करताना त्यांच्या गायनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपट तीनेक तासांचा आहे, निवांतपणा हवा.

मुलगा किंवा मुलगी गाणं शिकत असेल तर मात्र थांबा, आणि जवळपास कुठे संगीत नाटकाचा प्रयोग लागला, अगदी कोल्हापूरला जावं लागलं तरी, आधी तिकडे घेऊन जा. तिकिटं पुढच्या रांगेची काढा. पद सुरू करण्याआधी नट ऑर्गनवाल्याकडे कसा बघतो, ते तिथूनच दिसतं.