हेपरीनच्या ड्रिपवरचे आठ दिवस : दोन रुग्णालयांच्या सेवेचा अनुभव

अकोला जिल्ह्यातील खारपाणपट्ट्यातल्या, म्हणजे खाऱ्या भूजलाच्या पट्ट्यातल्या, एका गावात माझे औषधाचे दुकान आहे. हेपरीनची, म्हणजे रक्ताची गुठळी होऊ न देणाऱ्या औषधाची, कुपी मी अनेक वर्षांपासून ओळखतो, परंतु ते औषध चालू असताना रुग्णाच्या उशाशी बसण्याची वेळ या फेब्रुवारीत प्रथमच आली. बाबा गोठ्यात घसरून पडले आणि त्यांचे खुब्याचे हाड मोडले. शस्त्रक्रिया व्यवस्थित पार पडली, पण अंथरुणावर तीन आठवडे काढल्यानंतर डाव्या पायाला पोटरीपासून मांडीपर्यंत सूज आली आणि दुसऱ्याच दिवशी त्यांना धाप लागू लागली. मांडीच्या शिरेत रक्ताची गुठळी झाली असून तिचा तुकडा फुप्फुसात गेला आहे, असे तपासणीत निघाले. त्यानंतरचे आठ दिवस बाबा हेपरीनवर होते. त्यांतला पहिला दिवस तालुक्याच्या गावातील एका खासगी रुग्णालयात गेला आणि उरलेले सात जिल्ह्याच्या ठिकाणच्या एका धर्मादाय रुग्णालयात. या लेखात दोन्हींची नावे मी मुद्दाम देत नाही. औषध दोन्हीकडे तेच होते आणि सेवेत मात्र जमीन-अस्मानाचा फरक होता, तो फरक कशाकशात होता एवढेच मला नोंदवायचे आहे.

हेपरीनच का, हा प्रश्न घरात सर्वांनीच विचारला, कारण पोटावर टोचायची एनॉक्सापॅरिनची (हेपरीनच्याच जातीच्या औषधाची) तयार इंजेक्शने अधिक सोपी असतात आणि त्यांना वरचेवर रक्ततपासणी लागत नाही. पण एनॉक्सापॅरिन शरीराबाहेर टाकण्याचे काम मुख्यतः मूत्रपिंडाचे असते आणि बाबांचे क्रिएटिनिन २.८ होते, म्हणजे मूत्रपिंडे नीट काम करत नव्हती. मूत्रपिंड दुबळे असेल तर ते औषध अंगात साठत जाते. साध्या हेपरीनचे तसे होत नाही. ड्रिप बंद केली की तासा-दीड तासात त्याचा जोर निम्म्यावर येतो. आमच्या भागात मूत्रपिंडाचे रुग्ण गावोगाव आढळतात, त्यामुळे साधे हेपरीन आता मागे पडले असे इथे कोणी समजू नये. त्याची अडचण एवढीच की एकाच वजनाच्या दोन माणसांना ते सारखे लागू पडत नाही आणि म्हणून रक्त तपासून तपासूनच त्याची मात्रा बसवावी लागते.

पहिल्या रुग्णालयाबद्दल माझी पहिली तक्रार वजनाची आहे. फुप्फुसातील गुठळीसाठी सुरुवातीला किलोमागे ८० युनिट एकदम आणि नंतर ताशी किलोमागे १८ युनिट, ही प्रचलित मात्रा आहे. (हृदयविकाराच्या झटक्यात ती कमी, म्हणजे किलोमागे ६० आणि ताशी १२ अशी असते आणि तिला अनुक्रमे ४,००० आणि १,००० युनिटांची कमाल मर्यादा असते, म्हणून एका रुग्णाचा कागद पाहून दुसऱ्याचा हिशेब कधी करू नये.) तिथे बाबांना काट्यावर घेतलेच नाही. अंगावर ब्लँकेट होते, बांधा उंच होता, आणि केसपेपरवर अंदाजाने ७० किलो लिहिले गेले. प्रत्यक्षात त्यांचे वजन ५२ किलो भरले. म्हणजे ताशी ९३६ युनिट जायला हवी होती तिथे १,२६० युनिटांचा हिशेब धरला गेला, तृतीयांशाहून अधिक जास्त. मी तेव्हा शेजारीच उभा होतो आणि रोज दुकानात मुलांचे सिरप देताना वजन विचारणारा मी त्या वेळी काही बोललो नाही, याचे मला आजही वाईट वाटते.

दुसरी तक्रार पंप नसल्याची. ५०० मिली सलाईनमध्ये २५,००० युनिट मिसळून ती बाटली मायक्रो ड्रिप सेटने लावली होती, मिनिटाला २५ थेंब या बेताने. या सेटमध्ये ६० थेंबांचा एक मिली होतो, त्यामुळे हिशेब कागदावर बरोबर होता. पण बाबांनी हात दुमडला की थेंब थांबत आणि हात सरळ केला की धावत. रात्री दोनच्या सुमारास मी घड्याळ लावून मोजले तेव्हा मिनिटाला ४१ थेंब पडत होते. सिस्टरला उठवून मी चाकी कमी करून घेतली, परंतु त्याआधी किती वेळ ती तशी चालली होती हे कोणालाच सांगता आले नाही. एकट्या सिस्टरकडे त्या रात्री अठरा रुग्ण होते. दोष मी तिला देत नाही.

तिसरी गोष्ट सर्वांत गंभीर, आणि आमच्यासारख्या भागात ती सर्वांनी समजून घ्यावी अशी आहे. हेपरीन सुरू केल्यावर सहा तासांनी एपीटीटी नावाची तपासणी करतात. रक्त गोठायला किती सेकंद लागतात ते तीत कळते. साधारणपणे ते नेहमीच्या दीडपट ते अडीचपट यावे अशी अपेक्षा असते. इथे संध्याकाळी ड्रिप सुरू झाली आणि पहिले रक्त दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला घेतले, कारण रात्री तंत्रज्ञ नव्हता. निळ्या झाकणाची ती नळी एसटीने शहरातल्या प्रयोगशाळेत गेली आणि दुपारी ४९ सेकंद असा अहवाल आला. सर्वांना वाटले, बसली मात्रा. परंतु हेपरीन असलेल्या रक्ताची नळी तासाभरात फिरवून त्यातील पेशी वेगळ्या कराव्या लागतात. तसे झाले नाही तर प्लेटलेटमधून (रक्त गोठवायला मदत करणाऱ्या पेशींमधून) बाहेर पडणारे एक प्रथिन नळीतल्या हेपरीनला निष्प्रभ करते आणि आकडा खऱ्यापेक्षा कमी दिसतो. चार तास उन्हातून प्रवास केलेल्या नळीचा आकडा मी तरी खरा मानणार नाही. डॉक्टर साहेबांनी संध्याकाळी काचेच्या साध्या नळीत रक्त घेऊन वीस मिनिटे ठेवूनही पाहिले. सर्पदंशात ही तपासणी आपल्याकडे अनेकांचे प्राण वाचवते, पण हेपरीनची मात्रा तीवरून ठरवता येत नाही.

त्यातच खुब्याच्या दुखण्यासाठी कमरेवर डायक्लोफिनॅकचे इंजेक्शन दिले गेले. हेपरीन चालू असताना स्नायूत सुई टोचली की आत रक्त साकळते, आणि दुबळ्या मूत्रपिंडाला डायक्लोफिनॅक तसेही वर्ज्यच. संध्याकाळी सात वाजता बाबांनी मला हाक मारली, "बाबू, लघवी लाल होऊन राह्यली, पाह्य बरं." कुशीवर वळवून पाहिले तर इंजेक्शनच्या जागी तळहाताएवढी निळी-काळी गाठ आली होती. आठ वाजता ड्रिप बंद करून आम्ही निघालो.

दुसऱ्या रुग्णालयात साडेनऊला पोहोचलो. तिथल्या डॉक्टर बाईंनी पहिला प्रश्न विचारला तो मला अपेक्षित नव्हता : "खुब्याच्या ऑपरेशनच्या वेळी पोटावर इंजेक्शने दिली होती का?" दिली होती. मागील सुमारे शंभर दिवसांत हेपरीनच्या जातीचे औषध मिळालेले असेल तर त्याने प्लेटलेट कमी होण्याचा दुर्मीळ पण घातक विकार पाचव्या ते दहाव्या दिवसाची वाट न पाहता एका दिवसातही उद्भवू शकतो, असे त्यांनी समजावले. प्लेटलेट निम्म्यावर आल्या तर हेपरीन पूर्णपणे बंद करावे लागते, अगदी सुई तुंबू नये म्हणून सोडतात ते चार थेंबसुद्धा. त्या रात्री प्लेटलेट २,१०,००० होत्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा मोजल्या आणि नंतर एक दिवसाआड. घसरण झाली नाही.

मग वजन. स्ट्रेचरसकट बाबांना सपाट काट्यावर ढकलले, नंतर रिकामे स्ट्रेचर मोजून वजा केले : ५२. हा आकडा पलंगाच्या डोक्याशी चिकटपट्टीवर मोठ्या अक्षरांत लावला. गाठीच्या कडेने पेनाने रेघ ओढून बाजूला वेळ लिहिली, म्हणजे ती वाढते की नाही ते कोणत्याही पाळीच्या सिस्टरला दिसावे. साडेनऊच्या रक्ताचा एपीटीटी १५० सेकंदांच्या वर, यंत्राच्या मर्यादेपलीकडे, आला. हेपरीनवरचा उतारा असलेले प्रोटामिन हाताशी काढून ठेवले होते. शंभर युनिटांना एक मिलिग्रॅम, एका वेळी ५० पेक्षा अधिक नाही आणि तेही सावकाश, असा त्याचा हिशेब असतो. हिमोग्लोबिन टिकून होते, लघवीचा रंग फिकट होत होता, म्हणून ते दिले नाही. बारा वाजता पुन्हा रक्त घेतले आणि ६८ सेकंद आले.

साडेबाराला हेपरीन पुन्हा सुरू करताना जे पाहिले ते मी विसरणार नाही. आपल्या बाजारात हेपरीनच्या पाच मिलीच्या कुप्या दोन जोरांत मिळतात, एकीत ५,००० युनिट आणि दुसरीत २५,००० युनिट. आकार तोच, लेबलही पुष्कळदा मिळतेजुळते. माझ्या दुकानात मी त्या दोन वेगळ्या कप्प्यांत ठेवतो, कारण २००६ मध्ये अमेरिकेतील इंडियानापोलिस येथे मोठ्यांसाठीची कुपी नवजात बाळांसाठी वापरली गेली आणि तीन बाळे दगावली, हे मी वाचले होते. इथे एका सिस्टरने कुपी उजेडात धरून मोठ्याने वाचले, "पाच एमएल, एकूण पंचवीस हजार युनिट." दुसरीने कुपी स्वतःच्या हातात घेऊन पुन्हा वाचले. ४५ मिली सलाईन मिळवून ५० मिलीची सिरिंज भरली, म्हणजे मिलीला ५०० युनिट. ताशी किलोमागे १५ युनिट द्यायची ठरली होती. दोघींनी वेगवेगळ्या कागदांवर हिशेब केला आणि दोघींचेही उत्तर ताशी १.६ मिली आल्यावरच पंपाचे बटण दाबले. केसपेपरवर 'युनिट' हा शब्द पूर्ण लिहिला होता, नुसते 'यू' नाही. घाईत ते अक्षर शून्यासारखे वाचले जाऊन मात्रा दहापट होऊ शकते.

सकाळी साडेसहाला एपीटीटी ७४ आला. भिंतीवरच्या तक्त्यात ४६ ते ७० सेकंद ही इष्ट पातळी होती आणि त्यावर ९० पर्यंत गेल्यास किलोमागे २ युनिट कमी करावे असे लिहिले होते. डॉक्टरांची फेरी यायची वाट न पाहता सिस्टरने फोनवर परवानगी घेऊन पंप १.४ वर आणला. साडेबाराला ६१, संध्याकाळी साडेसहाला ५७. लागोपाठ दोनदा आकडा मर्यादेत बसल्यावर तपासणी दिवसातून एकदा झाली. रक्त प्रत्येक वेळी ड्रिप नसलेल्या हातातून, नळी खुणेपर्यंत भरून घेतले आणि ते खालच्या मजल्यावर त्याच क्षणी पोहोचवले. या एका सोयीसाठी मी पन्नास किलोमीटर अधिक प्रवास पुन्हा करीन.

या रुग्णालयात उणिवाही आहेत. प्रत्येक तपासणीचे पैसे वेगळे भरावे लागतात आणि त्यासाठी नातेवाइकाला मध्यरात्रीही खिडकीवर रांग लावावी लागते. डिस्चार्ज कार्ड संपूर्ण इंग्रजीत होते. वॉरफरिन (हेपरीननंतर घ्यायची रक्त पातळ ठेवणारी गोळी) सुरू असताना काळी शौच, हिरड्यांतून रक्त किंवा अचानक डोके दुखणे याकडे लक्ष ठेवा, हे आईला मराठीत मी सांगितले, रुग्णालयातील कोणीही नाही. इतकी काळजी घेणाऱ्या संस्थेने एक पान मराठीत छापून द्यायला हवे, आणि तसे पत्र मी त्यांना पाठवले आहे.

वॉरफरिन हेपरीनबरोबरच पाच दिवस चालू ठेवून, आयएनआर (वॉरफरिनचा रक्तावरचा परिणाम दाखवणारा आकडा) दोनच्या वर चोवीस तास टिकल्यावर पंप काढला. आता महिन्यातून दोनदा आयएनआर पाहायचा असतो. त्या नळीला हेपरीनच्या नळीसारखी घाई नसते, साध्या तापमानात ती दिवसभर टिकते. त्यामुळे गावात रक्त घेऊन सकाळच्या एसटीने पाठवले तरी चालते. गेल्या गुरुवारी २.४ आला.