मिसरूड फुटण्याच्या वयातील मुलांसाठी गोकुळपेठेतील एक सलून

गोकुळपेठ बाजाराच्या मागील गल्लीतील या तीन खुर्च्यांच्या सलूनची शिफारस मी मुख्यतः बारा ते पंधरा वर्षांच्या मुलांच्या पालकांना करीन. केस नागपुरात कुठेही नीट कापले जातात. या वयाच्या मुलाशी नीट बोलणारे कारागीर मात्र क्वचितच भेटतात.

मुलगे साधारणपणे ९ ते १४ या वयात वयात येऊ लागतात. स्वरयंत्र वाढून आवाज फुटतो, वरच्या ओठाच्या कोपऱ्यांवरची लव गडद होते, चेहरा तेलकट होऊन पुटकुळ्या येतात. आणि भावनांना आवर घालणारा मेंदूचा पुढचा भाग तर पंचविशीपर्यंत घडतच असतो. माझ्या तेरा वर्षांच्या मुलाला आपले मिसरूड कुणाच्या लक्षात यावे असे वाटते, आणि कुणी तसे बोलले की तो खोलीतून निघून जातो. पूर्वीच्या सलूनमध्ये 'आता पोरगी पाहा' असे म्हणून सर्वांसमोर त्याची थट्टा झाली, वर ब्लीचचा आग्रह झाला. त्यानंतर कितीतरी दिवस तो केस कापायला तयारच होईना.

येथील वयस्क मालकांनी मला काही न विचारता थेट त्यालाच विचारले, "कशी ठेवायची, भाऊ?" त्याने आरशातून माझ्याकडे पाहिले, मी वर्तमानपत्रात डोके घातले. थोड्या वेळाने घोगऱ्या आवाजात त्याने विचारले, "काका, दाढी केली की केस दाट येतात का?" "दाट येत नाहीत, टोक बोथट कापले जाते म्हणून हाताला राठ लागतात," असे त्यांनी हात न थांबवता सांगितले, "काढायची घाई नाही, आणि काढावीशी वाटली तर त्यात लाजण्यासारखेही काही नाही." मुलगा "राहू द्या" म्हणाला आणि त्यांनी मिसरुडाला हात लावला नाही. पुटकुळ्या फोडू नकोस, एवढेच बजावले. क्रीम विकण्याचा प्रयत्न केला नाही. प्रत्येक गिऱ्हाइकासाठी नवे ब्लेड समोर उघडले जाते, हेही नोंदवण्यासारखे आहे.

रविवारी मात्र येथे गर्दी असते, टीव्ही मोठ्याने चालतो आणि ताटकळणारी मंडळी मुलांवर शेरे मारतात. मालकांनी त्यांना आवरायला हवे. तोवर शाळा सुटल्यानंतरची आडवाराची वेळ निवडावी. मुलाला एकट्याला पाठवले तरी त्याला तितक्याच आदराने वागवले जाते.