रोख पगार की सरंजाम?

मराठी राज्यात फौज सांभाळण्याच्या दोन रीती झाल्या. शिवाजी महाराजांचा कल रोख पगाराकडे. पागेत, म्हणजे सरकारी घोडदळात, घोडा सरकारचा, बारगीर (त्यावरचा स्वार) पगारी. 25 बारगिरांवर एक हवालदार, 5 हवालदारांवर एक जुमलेदार. जुमलेदाराला सालीना 500 होन (सोन्याचे नाणे), त्याच्या वरच्या हजारीला 1000, असे सभासद बखर सांगते. लूट सरकारजमा करायची. यात अंमलदार सहज बदलता येतो, कारण त्याच्या हाती मुलूखच नसतो. अडचण एकच, पण जीवघेणी: खजिना भरलेला हवा.

1689 मध्ये रायगड पडला, राजाराम महाराज जिंजीला गेले, आणि पगार द्यायचा कुठून? मग मुलूखच तोडून देणे आले. दुसऱ्या रीतीची, म्हणजे सरंजामाची, मुळे इथली.

सरंजामात सरदाराने नेमलेल्या मुलखाचा वसूल घ्यायचा आणि ठरलेले स्वार हजर ठेवायचे. राजाला पैसा न मोजता फौज मिळते. 1719 च्या मोगल बादशाही सनदांनंतर तर हिशोबच बसला: चौथाईतले (मोगली मुलखाच्या वसुलातल्या चौथ्या हिश्शातले) 25 टक्के राजबाबती छत्रपतींची, उरलेल्यात साहोत्रा (पंत सचिवांचा वाटा) 6, नाडगौंडा (छत्रपतींनी मर्जीने द्यायचा वाटा) 3, मोकासा (सरदारांचा वाटा) 66. म्हणजे मोठा घास सरदाराचाच. एका सरदाराची गावे अनेक परगण्यांत विखुरलेली, त्यामुळे वसुलीत तंटे ठरलेलेच. शिवाय कागदोपत्री स्वार एक आणि मैदानात दुसरेच, ही नेहमीची तक्रार. हजेरी घेणारा कारकूनही मिळालेला असला की संपलेच.

विस्तारासाठी सरंजाम सरस, यात वाद नाही. ग्वाल्हेर, इंदूर, बडोदा त्यातूनच उभी राहिली. हुकूम मानवून घ्यायचा असेल तर मात्र रोख पगारच.